राडा आणि राडारोडा

नवी मुंबईत ‘राडा’ दोन प्रकारचा. एक नाक्यावरचा, दुसरा डंपरमधला!

पेपरात ‘दोन गटांत राडा’ असा मथळा आला की डोकी फुटली, खुर्च्या उडाल्या हे आपण समजून घेतो. मुंबईच्या राजकारणाने हा शब्द गाजवला, पार ‘राडा संस्कृती’ म्हणण्यापर्यंत. पण सातारा-सांगलीकडे पावसानंतर अंगणात होतो तो चिखलही राडाच. बैल बसून उठले की गोठ्यात राडा, पोरांनी कपाट उपसलं की घरात राडा. तुर्भे-कोपरखैरण्यात त्या भागातली माथाडी कुटुंबं बरीच, त्यामुळे आजीच्या तोंडचा राडा आणि नातवाचा राडा एकाच घरात नांदतात.

वापराची गंमत बघा. राडा होतो, करतात, घालतात. ‘राडा मारला’ कोणी म्हणत नाही. नुसत्या शाब्दिक चकमकीला बाचाबाची, कॉलर धरली की धक्काबुक्की, हात उठले की हाणामारी. राड्याला मात्र घोळका लागतो. दोघंच भिडले तर ती साधी मारामारी (माझ्या मते तिला राडा म्हणणं म्हणजे उगाच भाव देणं). नेहमीच करणारा तो राडेबाज.

आणि डंपरमधला? तो राडारोडा: पाडकामातल्या विटा, सिमेंट, फुटक्या लाद्या. खाडीकिनारी, मोकळ्या भूखंडांवर तो रात्री गुपचूप ओतून जाणाऱ्या गाड्या पकडायला महापालिकेचं भरारी पथक फिरतं. पथकाने गाडी अडवली की कधीकधी तिथेच पहिल्या प्रकारचा राडाही होतो.

तुमच्या गावाकडे चिखलाला काय म्हणतात? कमेंटमध्ये सांगा.