पॅरिसचे धडे, गावरान धून

‘मंथन’मधलं गुजराती वळणाचं गाणं आठवतं ना? त्याचे संगीतकार वनराज भाटिया पॅरिसला नादिया बुलांजेबाईंच्या हाताखाली शिकले होते! परतल्यावर १९६० ते ६५ त्यांनी दिल्ली विद्यापीठात पाश्चात्त्य संगीत शिकवलं. मग मुंबईत जाहिरातींच्या धून आणि १९७४ मध्ये ‘अंकुर’. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेल्या ‘भूमिका’साठी (१९७७) तर त्यांनी जुन्या बोलपटांच्या ढंगाची गाणी बांधली. सिंफनी शिकलेल्या माणसानं हे करावं, याचंच आम्हांला अप्रूप! ‘तमस’च्या संगीतानं राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. उतारवयात मात्र गुडघ्यांनी दगा दिला, पैशांची चणचण भासू लागली. तरीही कर्नाडांच्या नाटकावरचा ऑपेरा त्यांनी लिहायला घेतलाच. २०२१ मध्ये, त्र्याण्णवाव्या वर्षी, ते गेले.