आदेश मिळाला, अंमलाचे काय?

१० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राच्या विद्यमान मंत्र्याला एक महिन्याची कैद सुनावली. सुरूपसिंग नाईक तेव्हा परिवहन मंत्री होते. प्रकरण मात्र त्यांच्याकडे वनखाते असतानाचे. केंद्रीय अधिकारप्राप्त समितीच्या परवानगीशिवाय नव्या आरागिरण्या किंवा प्लायवूडचे कारखाने सुरू होऊ देऊ नका, असे न्यायालयाने बजावले होते. तरीही राज्यात काही कारखान्यांना मुभा मिळाली. वनखात्याचे तत्कालीन प्रधान सचिव अशोक खोत यांनाही तेवढीच शिक्षा झाली. दोघांची माफी न्यायालयाने स्वीकारली नाही.

हा न्यायालयाचा दिवाणी अवमान. पण चर्चा होते ती न्यायाधीशांवरील टीकेतून उद्भवणाऱ्या फौजदारी अवमानाची. सामान्य पक्षकाराची गाठ पडते ती दिवाणी अवमानाशी. थकलेले निवृत्तिवेतन द्या, असा उच्च न्यायालयाचा आदेश होतो आणि खाते ढिम्म राहते, तेव्हा तो अवमान याचिका करतो. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार न्यायालयाच्या आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा तसाच भंग म्हणजे दिवाणी अवमान. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही.

दोन हजारांना कोण भितो? खरा धाक दुसरीकडे आहे. एरवी खात्याच्या आडोशाला असलेल्या अधिकाऱ्याला इथे स्वतःच्या नावाने नोटीस येते आणि स्वतःच्या सहीचे प्रतिज्ञापत्र द्यावे लागते. शिवाय अवज्ञेतून झालेला लाभ न्यायालय परत घेऊ शकते. उद्योगपती विजय मल्ल्या यांना अवमानाबद्दल जुलै २०२२ मध्ये चार महिने कैद आणि तेवढाच दोन हजारांचा दंड झाला. पण आदेश डावलून मुलांच्या नावे वळवलेले चार कोटी डॉलर ८ टक्के व्याजासह परत करण्याचाही हुकूम निघाला.

मात्र ही वाट अरुंद आहे. आदेश संदिग्ध असेल, त्याचे दोन अर्थ निघत असतील, तर हेतू सिद्ध होत नाही. मूळ आदेशात नसलेली गोष्ट अवमान याचिकेत मिळत नाही. पैशांच्या वसुलीचा हुकूमनामा असेल तर रस्ता दरखास्तीचा, म्हणजे अंमलबजावणीच्या अर्जाचा. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम मोडला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली त्याच न्यायालयात अर्ज करता येतो; तिथे मालमत्तेची जप्ती किंवा तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. अवमानाला एक वर्षाची मुदत आहे. ‘आम्ही अपिलात गेलोय’ या उत्तरावर विसंबून ती घालवू नये. अपील दाखल झाले म्हणजे स्थगिती मिळाली असे नव्हे.

या कार्यवाहीचा रोख सूडापेक्षा पालनावर असतो. तिची कमजोरीही त्यातच आहे. तारखेच्या तोंडावर आदेश पाळला, बिनशर्त माफी मागितली की प्रकरण बहुधा निकाली निघते. मधल्या काळात निवृत्त माणसाने औषधपाण्यासाठी काढलेले कर्ज कोणाच्याच खात्यावर पडत नाही. म्हणून खबरदारी आधीच घ्यायला हवी. मूळ याचिकेतच पालनाची निश्चित मुदत आणि ती चुकल्यास व्याज, अशी मागणी वकिलाकरवी करून घ्यावी. उशिराची किंमत आदेशातच लिहिलेली असली, की उशीर फुकटात करता येत नाही.