वेताळाची पाठशाळा

न्याय, वैशेषिक, सांख्य, योग, मीमांसा, वेदान्त ही सहा दर्शनं आपल्या कानावरून गेलेली असतात. आणखी एक दर्शन आहे, पण ते कोणत्याही विद्यापीठात शिकवत नाहीत. त्याची पाठशाळा स्मशानातल्या झाडावर भरते. गुरू म्हणजे प्रेतात शिरलेला वेताळ आणि शिष्य एकच, राजा विक्रम. राजाने प्रेत खांद्यावरून न बोलता न्यायचं. वाटेत वेताळ गोष्ट सांगतो आणि शेवटी प्रश्न विचारतो. उत्तर माहीत असून गप्प राहिलास तर डोक्याची शकलं होतील, आणि बोललास तर मी परत झाडावर! मला हा नियम फार आवडतो. न कळणं हा तिथे गुन्हाच नाही, कळूनही गप्प बसणं हा गुन्हा.

आपल्या सीमाभागातल्या घरांत हा गुरू दोन नावांनी आला, मराठीत वेताळ आणि कन्नडात बेताळ. एका घरात 'चांदोबा' येई, शेजारी कन्नड 'चंदमामा', आणि चित्र मात्र दोन्हींत तेच, शंकर या चित्रकाराचं: हातात तलवार, खांद्यावर प्रेत. मूळ गोष्टी पंचवीसच, पण मासिकवाल्यांनी नव्या रचून वर्षानुवर्षं पुरवल्या. (खाली वेंगुर्ल्याकडे आरवलीचा वेतोबा आहे, त्याला नवसाच्या चपला वाहतात. तो रक्षण करतो, कोडी घालत नाही.)

हे सगळं पुन्हा डोक्यात फिरू लागलं ते भोपाळला. माझी लेक तिथे असते. जावई धारवाडकडचे, घरची भाषा कन्नड. दहा वर्षांच्या नातीच्या शाळेतून एक फॉर्म आला होता. त्यात 'मातृभाषा' असा रकाना, आणि जागा एकाच शब्दाची. लेक म्हणाली, शब्दच मातृभाषा आहे, तेव्हा मराठी. जावई म्हणाले, "अत्ते, मुलं वडिलांचं नाव लावतात, मग भाषा का नाही?" धारवाडहून विहीणबाईंनीही फोनवरून मत दिलं. दोन दिवस घरात नको इतकी शांतता होती.

तिसऱ्या दिवशी मी नातीला घेऊन भारत भवनात गेले. मोठ्या तलावाच्या काठावर उतरत गेलेली ही वास्तू चार्ल्स कोरिया यांची, 1982 मध्ये सुरू झालेली. तिथल्या रंगमंडलाचे पहिले संचालक होते दक्षिण कन्नड जिल्ह्यातले ब. व. कारंत. त्यांनी इथल्या नटांकडून बुंदेली, माळवी अशा बोलींतही नाटकं करवून घेतली. गिरीश कार्नाडांचं 'हयवदन' कन्नडातून हिंदीत आणलं तेही त्यांनीच. मराठीत ते आणलं चिं. त्र्यं. खानोलकरांनी, म्हणजे वेतोबाच्याच मुलखातल्या लेखकाने.

पायऱ्यांवर बसून नातीला 'हयवदन'मागची वेताळाची गोष्ट सांगितली. सोमदेवाच्या 'कथासरित्सागरा'त ती अशी आहे: नवरा आणि भाऊ दोघेही देवीपुढे आपापलं शिर कापतात. देवी प्रसन्न होते, पण बायको घाईत डोकी उलटसुलट लावते. आता नवरा कोणता? राजा म्हणतो, ज्याच्यावर नवऱ्याचं डोकं तो, कारण डोकं हे सर्वांत श्रेष्ठ अंग. जर्मन लेखक टॉमस मान यांनी 1940 मध्ये याच गोष्टीवर कादंबरी लिहिली आणि नवरा-भावाच्या जागी दोन मित्र घेतले. कार्नाडांनी 1971 च्या नाटकात त्या मित्रांजवळ घोड्याच्या डोक्याचा हयवदन आणून बसवला. त्याची आई कर्नाटकाची राजकन्या! त्याला पूर्ण व्हायचं असतं, आणि शेवटी तो होतो पूर्ण घोडा.

नात म्हणाली, "आजी, मी गणित मनात हिंदीत करते. मग माझं डोकं हिंदी?"

मला उत्तर सुचेना. बाई भांडते मराठीत, ताटावर बसली की 'अज्जी, साकु' म्हणते आणि पाढे म्हणते हिंदीत. राजाने निकाल जरा घाईतच दिला असं मला तेव्हापासून वाटतं. हाताला आणि जिभेला जे माहीत असतं, त्याचा हिशेब त्याने धरलाच नाही.

पण वेताळाचा शेवटचा प्रश्न वेगळा आहे. बाप लग्न करतो मुलीशी आणि त्याचा मुलगा तिच्या आईशी. त्यांच्या मुलांचं एकमेकांशी नातं काय? इथे राजा गप्प राहतो, कारण त्याला खरंच सांगता येत नाही, आणि वेताळ त्याच्यावर खूश होतो. नातीला हे कोडं अशक्य वाटलं. मी म्हटलं, आपल्याकडे मामा-भाचीची लग्नं होत. माझ्या मावशीची मुलगी माझ्याच मामाला दिली. बहीण म्हणून अक्का आणि मामाची बायको म्हणून मामी, तेव्हा आम्ही तिला जन्मभर 'अक्कामामी' म्हणत आलो.

घरी येऊन नातीने फॉर्म मागून घेतला. रकान्यात 'मराठी-कन्नड' बसवताना शेवटचा 'ड' चौकटीबाहेर गेला. जावयांनी पाहिलं, लेकीकडे पाहिलं आणि सही केली. पहिलं नाव कोणाचं लिहिलं, असं विहीणबाई फोनवर विचारत होत्या. ते त्यांना अजून कोणी सांगितलेलं नाही.