सिबिल फॉल्टी, कालव्यातली बोट आणि विसरणारा मेंदू

माझी पीएचडी मेंदू आणि स्मृती या विषयात आहे हे कळलं, की लग्नकार्यात हमखास एक प्रश्न येतो: "स्मरणशक्ती वाढवायला काय खायचं गं?" खरं सांगायचं तर याचं सोपं उत्तर माझ्याकडे नाही. पण "स्मरणशक्ती" नावाची एकच एक गोष्ट मेंदूत नसते, हे मात्र सांगू शकते. आणि ते समजवायला मला एका ब्रिटिश अभिनेत्रीचं आयुष्य फार उपयोगी पडतं. त्यांचं नाव प्रुनेला स्केल्स.

तुमच्यापैकी काहींनी 'फॉल्टी टॉवर्स' पाहिली असेल. १९७५ आणि १९७९ असे दोन सीझन, प्रत्येकी सहा भाग. अख्खी मालिका फक्त १२ भागांची. टॉर्की या समुद्रकाठच्या गावातलं एक हॉटेल, तिथला चिडका आणि गर्विष्ठ मालक बेसिल (जॉन क्लीझ), आणि एका हाकेत त्याला जागेवर आणणारी त्याची बायको सिबिल. ती सिबिल म्हणजे प्रुनेला. उंच केशरचना, फोनवर तासन्‌तास गप्पा आणि कानाला बोचणारं ते हसू! ज्यांनी पाहिलंय त्यांच्या डोळ्यांसमोर ती आत्ता उभी राहिली असेल.

पण त्यांची कारकीर्द एवढीच नाही. जन्म १९३२चा, सरे परगण्यातला. आई कॅथरीन स्केल्स अभिनेत्री होती, तिचंच आडनाव त्यांनी रंगभूमीसाठी घेतलं. सुरुवात १९५१ साली, ब्रिस्टल ओल्ड विक थिएटरमध्ये, तीही पडद्यामागच्या कामापासून. १९५४मध्ये डेव्हिड लीन यांच्या 'हॉब्सन्स चॉइस' चित्रपटात धाकटी मुलगी, साठच्या दशकात 'मॅरेज लाइन्स'मध्ये नवपरिणीत बायको, १९८५पासून 'मॅप अँड लुसिया'मधली कुचकट मिस मॅप. ॲलन बेनेट यांच्या 'अ क्वेश्चन ऑफ ॲट्रिब्यूशन'मध्ये त्या दुसऱ्या एलिझाबेथ राणी झाल्या, आणि व्हिक्टोरिया राणीवरचा एक कार्यक्रम तर त्यांनी कित्येक वर्षं गावोगावी केला. वर टेस्को या सुपरमार्केटच्या जाहिरातींतली खट्याळ म्हातारी डॉटी! नायिका कमी, चरित्र भूमिका जास्त. म्हणजे दर वेळी एक नवीन माणूस उभं करायचं.

आता पहिला प्रश्न. नट एवढ्या ओळी लक्षात कशा ठेवतात? आपल्याला वाटतं, पाढ्यांसारखी घोकंपट्टी करत असतील. अमेरिकेत हेल्गा नॉइस या मानसशास्त्रज्ञ आणि त्यांचे पती, नट-दिग्दर्शक टोनी नॉइस यांनी हेच अनेक वर्षं अभ्यासलं. त्यांना दिसलं, की अनुभवी नट शब्द पाठ करायला बसतच नाहीत. ते प्रत्येक ओळीला विचारतात: हे पात्र आत्ता असं का म्हणतंय? समोरच्याकडून त्याला काय हवंय? "का"चं उत्तर सापडलं की शब्द मागोमाग येतात.

प्रुनेलांचा एक किस्सा इथे अगदी चपखल बसतो. सिबिलची भूमिका मिळाल्यावर त्यांनी क्लीझना विचारलं, की मुळात या दोघांनी लग्न का केलं? क्लीझकडे उत्तर नव्हतं. मग प्रुनेलांनी स्वतःच ठरवलं: सिबिलच्या माहेरचा खाणावळ-हॉटेलचा धंदा असणार, आणि बेसिलच्या साहेबी थाटाला ती भुलली असणार. हे संहितेत कुठेही नव्हतं. पण सिबिलचे उच्चार, तिचा व्यवहारीपणा, सगळं या एका उत्तरातून आलं.

आता कथेचा अवघड भाग. रंगमंचावर प्रुनेला नेहमीसारख्या नाहीत, हे त्यांचे पती, नट टिमोथी वेस्ट, यांना २००० नंतरच्या सुरुवातीच्या वर्षांतच जाणवलं होतं. २०१४मध्ये जगाला कळलं, की त्यांना व्हॅस्क्युलर डिमेन्शिया आहे.

डिमेन्शिया म्हणजे अल्झायमर, असं बरेच जण समजतात. तसं नाही. डिमेन्शिया हा लक्षणसमूह आहे, आणि अल्झायमर हे त्याचं सर्वांत जास्त आढळणारं कारण. त्यात बहुधा आधी हिप्पोकॅम्पसला धक्का बसतो. नव्या घटनांची नोंद करणारा मेंदूचा हा भाग. त्यामुळे सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही, पण बालपण आठवतं. व्हॅस्क्युलर प्रकारात मूळ दुखणं रक्तवाहिन्यांचं असतं. बारीक रक्तवाहिन्या अरुंद होतात किंवा बंद पडतात, आणि मेंदूच्या भागांना जोडणाऱ्या 'वायरिंग'ला पुरेसं रक्त मिळत नाही. मग अनेकदा स्मृतीच्या आधी विचारांचा वेग मंदावतो, नियोजन जमत नाही, दोन कामं एकत्र होत नाहीत. कुठली रक्तवाहिनी बिघडली त्यावर लक्षणं ठरतात.

त्याच २०१४ साली चॅनल ४ वर 'ग्रेट कॅनॉल जर्नीज' सुरू झाला. प्रुनेला आणि टिमोथी एका अरुंद, लांबट बोटीतून कालव्यांमधून फिरतात. सुकाणू टिमोथींकडे, पाण्याची पातळी बदलणाऱ्या लॉकचे दरवाजे उघडायला प्रुनेला. दोघांना कालव्यांचं वेड अनेक दशकांचं, त्यामुळे हातांना ते काम ठाऊक होतं. हातांची ही स्मृती मेंदूत वेगळ्या ठिकाणी असते, आणि घटनांची स्मृती गेली तरी पुष्कळदा टिकते. आजाराबद्दल दोघं पडद्यावर मोकळेपणानं बोलत. काल कुठे होतो हे त्यांना सांगता आलं नसतं कदाचित, पण पाण्यावरून जाताना त्यांचा चेहरा बघा. तो आनंद खोटा नव्हता.

पण जे आठवणारच नाही, त्या आनंदाला अर्थ काय? याचं उत्तर देणारा एक प्रयोग मला फार आवडतो. २०१४मध्येच आयोवा विद्यापीठातल्या संशोधकांनी अल्झायमर असलेल्या १७ जणांना आणि तितक्याच निरोगी माणसांना आधी दुःखी, मग आनंदी चित्रपटांचे तुकडे दाखवले. काही मिनिटांनी विचारलं, काय पाहिलं? रुग्णांना फारच थोडं आठवत होतं. पण भावना अर्ध्या तासापर्यंत टिकून होत्या. उलट ज्यांना कमी आठवत होतं, त्यांचं दुःख जास्त वेळ रेंगाळलं! नमुना छोटा आहे आणि आजारही प्रुनेलांचा नाही, त्यामुळे सरसकट निष्कर्ष काढायला नको. तरी घटना आणि तिची भावना मेंदूत एकत्र पुसली जात नाहीत, हे यातून दिसतं.

हा पेपर मी पहिल्यांदा वाचला तेव्हा पुढची पानं उलटवेनात. माझ्या आजीला विसरायला होऊ लागलं, तेव्हा घरी आलेला प्रत्येक जण तिची तोंडी परीक्षा घ्यायचा. "आजी, सांग बरं मी कोण?" उत्तर चुकलं की हशा. मीही त्यात होते. मग ती दुपारभर गप्प बसायची, जेवायची नाही. आम्ही म्हणायचो, "जाऊ दे, विसरेल पाच मिनिटांत." प्रश्न ती विसरतही असेल. पण ओशाळलेपण उरत होतं, आणि ते कशामुळे आलंय हेही तिला कळत नव्हतं.

डिमेन्शियावर आज पूर्ण बरं करणारं औषध नाही. मात्र 'लॅन्सेट' आयोगाच्या २०२४च्या अहवालानुसार, १४ धोक्याचे घटक हाताळले तर जगातले सुमारे ४५% डिमेन्शिया टाळता किंवा लांबवता येऊ शकतात. त्यात उच्च रक्तदाब, मधुमेह, धूम्रपान आणि कमी ऐकू येणंही आहे. तेव्हा "काय खायचं"च्या आधी घरातल्यांचं बीपी तपासा, आणि लागत असेल तर कानाचं यंत्र घ्या.

टिमोथी नोव्हेंबर २०२४मध्ये गेले. प्रुनेला २७ ऑक्टोबर २०२५ला, ९३व्या वर्षी. आदल्या दिवशी त्या 'फॉल्टी टॉवर्स' बघत होत्या, असं त्यांच्या मुलांनी सांगितलं. त्यांना त्यातलं किती ओळखीचं वाटलं असेल, कुणास ठाऊक. पण घरच्यांनी त्यांना काही विचारण्याऐवजी हे लावून दिलं, हे मला फार आवडलं.

तुमच्या घरी असं कुणी असेल, तर पुढच्या वेळी "मी कोण?" विचारू नका. जवळ बसून आपणच सांगा: "आजी, मी सायली. सुनीताची मुलगी. तुझ्यासाठी चहा आणलाय."