पान्हा आणि पद : गोबीतील उंटिणीला आळविण्याचा विधी

मंगोलियाच्या दक्षिणेकडील गोबी प्रदेशातील फिरस्त्या पशुपालकांमध्ये उंटिणीला आळविण्याचा एक विधी परंपरेने चालत आला आहे. उंटीण सुमारे तेरा महिने गाभण राहते आणि वसंताच्या आरंभी, बोचरे वारे वाहत असतानाच विते. वेत अवघड गेले तर कधीकधी ती पिल्लाला जवळ येऊ देत नाही. कधी वितानाच आई दगावते आणि पिल्लू पोरके होते. अशा वेळी पहाटे किंवा तिन्हीसांजेस उंटिणीला पिल्लाजवळ बांधतात आणि जाणती व्यक्ती 'खूस, खूस' असे एकसुरी पद आळवू लागते. साथीला मोरिन खूर हे घोड्याच्या केसांच्या दोन तारांचे वाद्य किंवा बासरी असते. उंटीण प्रथम चवताळते, चावू पाहते. तिचा कल पाहून गाणारा चाल बदलतो.

'खूस' या उच्चाराला कोशात देता येईल असा स्वतंत्र अर्थ नाही. विधीचे मंगोल नाव मात्र त्यावरूनच पडले आहे. मेंढीसाठी 'तोइग' आणि शेळीसाठी 'चूग' असे निराळे उच्चार आहेत. लोकगीत म्हणून संकलन करणाऱ्याच्या कागदावर अक्षरांची पुनरावृत्ती तेवढी उतरते, आणि तिला 'निरर्थक ध्रुपद' म्हणण्याचा मोह होतो. प्रस्तुत लेखकास हे वर्गीकरण मान्य नाही. ते माणसास श्रोता मानून केलेले आहे. येथे श्रोता उंटीण आहे, आणि पद साधले की नाही याचा निवाडा तिच्या कासेत होतो.

या निवाड्यास मराठीत 'पान्हा' हा नेमका शब्द आहे. आपल्या काव्यात तो बहुधा वात्सल्याचे रूपक म्हणून येतो. गोबीतील कुटुंबाला मात्र पान्हा न फुटल्यास पिल्लू आणि घरचे दूध, दोन्ही गमवावे लागते. ब्यांबासुरेन दवा आणि लुइजी फालोर्नी यांच्या 'द स्टोरी ऑफ द वीपिंग कॅमल' (२००३) या चित्रपटाने हा विधी जगापुढे आणला; पण त्याच्या शीर्षकानेच प्रेक्षकाचे लक्ष उंटिणीच्या आसवांकडे वळविले. पशुपालकाची नजर पिल्लाच्या तोंडाकडे असते.

२०१५ मध्ये युनेस्कोने तातडीने जतन करावयाच्या अमूर्त वारशाच्या सूचीत या विधीचा समावेश केला. उंटाची जागा मोटारसायकलने घेतली आहे, कुटुंबे शहरांकडे वळत आहेत. हे गाणे मुले वडीलधाऱ्यांजवळ, कळपातच उभी राहून शिकतात. कळप विकून घर उलानबातरला गेले की ध्वनिमुद्रण उरते. उंटिणीकडे पाहून चाल बदलणे त्याला जमत नाही.