काठ आखायचा तर आधी दरवाजे

विष्णुपुरीच्या एका वाचकाचा प्रश्न आला आहे: धरणानं गोदावरी बांधून टाकली, आता तिथं निसर्ग उरलाय कुठला, आणि लँडस्केप आर्किटेक्ट येऊन करणार काय, बाकडी नि लॉन? माझ्या मते त्याचं खरं काम अशाच नदीवर असतं. वर जायकवाडी आणि येलदरी ही धरणं, मध्ये विष्णुपुरीचं, खाली धर्माबाद तालुक्यात बाभळीचा बंधारा. बाभळीचे दरवाजे तर सर्वोच्च न्यायालयाच्या 2013 च्या निकालानुसार 1 जुलै ते 28 ऑक्टोबर उघडेच ठेवावे लागतात. आवक वाढली की विष्णुपुरीचे दरवाजे उचलतात आणि खाली नांदेडात गोवर्धन घाटावर पाणी चढतं. उन्हाळ्यात साठा शेतीला आणि शहराच्या नळांना जातो, पात्रात उरतात डबकी आणि नाल्यांचं सांडपाणी. या काठाचे ऋतू पावसाइतकेच दरवाजे ठरवतात. ज्या आराखड्यात झाडांची यादी आहे पण विसर्गाच्या नोंदी नाहीत, त्याला मी नर्सरीचं बिल म्हणेन. बॉस्टनमध्ये फ्रेडरिक लॉ ओम्स्टेडनं बॅक बे फेन्सची दलदल भरतीच्या खाऱ्या पाण्यावर बेतली होती. 1910 मध्ये चार्ल्स नदीवर धरण झालं, खारं पाणी तुटलं आणि तिथली खाऱ्या पाण्यावर जगणारी झुडपं-गवतं गेली. एवढ्या मोठ्या माणसाचं काम एका धरणानं पुसलं.

पुरात माती वाहून जाते, तेव्हा काँक्रीटच बरं, असंही म्हणतात. अर्धं खरं आहे. अस्थी विसर्जनाला जिथं माणसं उतरतात तिथं पक्क्या पायऱ्या हव्यातच. पण काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडून आकसते; तिच्यावर अंथरलेली फरशी पूर न येताही उखडते. वाळुंज, शेरणी, लव्हाळा पुरात आडवे होतात आणि पाणी ओसरलं की पुन्हा फुटतात, मुळांनी माती धरून ठेवतात. त्यांच्या वरच्या टप्प्यात करंज, आणखी वर उंबर, जांभूळ.

राहिला चैनीचा आक्षेप. 2016 मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, त्या मराठवाड्यात काठ कसला सजवता? लॉन असेल तर ही चैनच, ते पहिल्या फटक्यात खोडावं. मी म्हणतो त्या झाडांना जम बसेपर्यंतच पाणी घालावं लागतं. किती दरवाजे उघडले की पाणी कुठवर येतं, हे काठावरच्या भोयांना, धोब्यांना, पात्रात टरबुजं लावणाऱ्यांना तोंडपाठ असतं. तरी ‘लोकसहभागा’च्या बैठकीत त्यांना तयार नकाशा दाखवून टाळ्या घेतल्या जातात. ही मंडळी अतिक्रमण करतात, असं उत्तर येतं. काही करतही असतील, पण त्यांना उठवून ही माहिती दुसरीकडून मिळणार नाही. त्यांची पायवाट आणि गुरं पाण्यावर उतरायची जागा नकाशावर आधी उमटू द्या, जॉगिंग ट्रॅकचं नंतर बघू.