कमलापूरचा हत्ती आणि मन्नारची समुद्रगाय

ऑक्टोबर २०२१मध्ये छत्तीसगडची सीमा ओलांडून रानटी हत्तींचा एक कळप गडचिरोली जिल्ह्यात उतरला, आणि आपल्या भागात हत्ती हा बोलण्याचा विषय झाला. तोवर आमच्यासारख्या चंद्रपूरकरांना हत्ती ठाऊक होता तो परकोटाच्या वेशीवरचा, गोंडराजांच्या सिंहाने नमवलेला. फार तर कुणी कमलापूरच्या शासकीय हत्तीकॅम्पात जाऊन आलेला असे. आता मात्र धानाच्या बांध्या तुडवल्या गेल्या, घरांच्या भिंती पडल्या, काही माणसांचे जीवही गेले. हत्ती आला कोठून, हा प्रश्न तेव्हा गावोगाव विचारला गेला. त्याचे जवळचे उत्तर ओडिशा व छत्तीसगड असे आहे. लांबचे उत्तर सहा कोटी वर्षे मागे जाते, आणि गंमत अशी की त्या वाटेवर आपल्याला रान सोडून समुद्रात उतरावे लागते. आज त्या लांबच्या उत्तराविषयीच आम्ही बोलणार आहोत.

तमिळनाडू आणि श्रीलंका यांच्यामध्ये मन्नारचे आखात व पाल्कची सामुद्रधुनी आहे. तेथील उथळ पाण्यात समुद्रगवताची कुरणे आहेत. त्या कुरणांवर चरणारा, नऊ-दहा फूट लांबीचा, चारशे किलोच्या आसपास वजनाचा एक प्राणी आहे. त्याला शास्त्रज्ञ डुगाँग म्हणतात आणि लोक समुद्रगाय म्हणतात. कच्छच्या आखातात व अंदमानातही तो आढळतो. त्याला मागचे पाय नाहीत, पुढच्या पायांची वल्ही झालेली आहेत आणि शेपूट देवमाशासारखे आडवे पसरलेले आहे. श्वासासाठी तो पाण्यावर येतो आणि पिलाला अंगावर पाजतो. अटलांटिकच्या किनाऱ्यांवर व तेथील नद्यांत त्याचा चुलतभाऊ राहतो, त्याचे नाव मॅनाटी.

नावाने ही गाय खरी, पण गाईचे आणि तिचे नाते नाही. ती रवंथ करीत नाही. गाईचा समुद्रातला खरा भाऊबंद शोधायचा तर तो देवमासा होय. समखुरी जनावरांच्या कुळातूनच देवमासे पाण्यात गेले. समुद्रगाईची सोयरीक मात्र निघते ती हत्तीशी! फ्रेंच शास्त्रज्ञ ब्लँव्हिल याने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीच या दोघांना एका पंगतीत बसवले होते. तेव्हा ते अनेकांना चमत्कारिक वाटले असल्यास नवल नाही.

हे नाते कशावरून ओळखावे? कमलापूरला एखादी हत्तीण पिलाला पाजत असेल तर थोडे थांबून पाहावे. आपल्या गाईम्हशींची कास मागच्या पायांत असते. हत्तिणीचे दोन स्तन पुढच्या पायांच्या मध्ये, छातीवर असतात, आणि पिलू सोंड वर करून तोंडानेच दूध पिते. समुद्रगाईचे स्तनही दोनच, आणि तेही वल्ह्यांच्या बगलेशी. दोघांच्याही नरांचे वृषण बाहेर न लोंबता पोटातच असतात. दोघांच्या हृदयाचे खालचे टोक दुभंगलेले असते. मॅनाटीच्या काही जातींच्या वल्ह्यांवर तर चपटी नखे असतात, आणि ती हत्तीच्या पायावरील नखांची आठवण करून देतात.

येथे थोडे सावध राहिले पाहिजे. सगळेच साम्य नात्याचे नसते. हत्तीच्या ज्यांना आपण सुळे म्हणतो ते वास्तविक सुळे नव्हेतच. ते वरच्या जबड्यातले वाढलेले पटाशीचे दात आहेत. डुगाँगच्या नरालाही तसेच पटाशीचे दात पुढे आलेले असतात. हत्तीच्या दाढा मागून पुढे सरकत येतात. एक झिजली की मागची तिची जागा घेते, आणि जन्मभरात अशा सहा दाढा प्रत्येक बाजूस येऊन संपतात. मॅनाटीच्याही दाढा अशाच सरकतात, फक्त त्यांचा पुरवठा संपत नाही. ऐकणाऱ्याला वाटते की हा तर हातात सापडलेला पुरावा! पण मॅनाटीच्या जुन्या पूर्वजांत ही सोय नव्हती. ती तिच्या वंशाने पुढे स्वतंत्रपणे मिळवली. चरबट चारा दोघांच्याही वाट्याला आला आणि त्यावर दोघांनी सारखा तोडगा काढला, इतकाच त्याचा अर्थ. जुन्या कवट्यांतील डोळ्यांच्या खोबणींची जागा, दाढांवरचे दोन आडवे कंगोरे, अशा न दिसणाऱ्या खुणा अधिक मोलाच्या ठरल्या. १९७५ साली मॅककेना या अमेरिकन शास्त्रज्ञाने या दोन कुळांच्या गटाला टेथिस या लुप्त समुद्रावरून नाव दिले. पुढे १९९८च्या सुमारास पेशींतील आनुवंशिक द्रव्याची तुलना झाली आणि हत्ती, समुद्रगाय व सशाएवढा दिसणारा आफ्रिकेतील हायरॅक्स हे तिघे एकाच घरचे असल्याचे दिसून आले. तिघांत आधी वेगळा कोण निघाला, यावर मात्र पंडितांचे वाद रंगलेले आहेत.

सहा कोटी वर्षे म्हणजे किती, हे शहरात बसून उमगत नाही. आपल्या जिल्ह्याची माती त्यासाठी बरी. घुग्गुस-बल्लारपूरच्या खाणींतला कोळसा पंचवीस कोटी वर्षांहून जुना. सिरोंचा तालुक्यात वडधमला सापडलेले राक्षसी सरड्यांचे अवशेष त्यानंतरचे. वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याला, जेथे नागपूरचे पाद्री हिस्लॉप यांच्या काळापासून हाडे गोळा होत आली, तेथील डायनोसॉर सुमारे सात कोटी वर्षांपूर्वीचे. त्यांच्या दगड झालेल्या विष्ठेत गवताचे सूक्ष्म कण असल्याचे २००५ साली प्रसिद्ध झाले. ते प्राणी नष्ट झाले त्याच सुमारास दख्खनचा लाव्हा वाहत होता. त्या वेळी भारत आशियाला जोडलेला नव्हता. तो बेटासारखा उत्तरेकडे सरकत होता, आणि मध्ये टेथिसचा समुद्र पसरलेला होता.

हत्तीचा वंश सुरू झाला तो आफ्रिकेत. मोरोक्कोच्या फॉस्फेटच्या खाणींतून २००९ साली एरिथेरियम हा सहा कोटी वर्षांपूर्वीचा प्राणी जगापुढे आला. हत्तीचा हा पूर्वज चार-सहा किलोंचा! सोंड नाही, सुळा नाही; हत्तिपणा आहे तो दाढांत आणि कवटीत. समुद्रगाईचा आरंभ सांगणारा सांगाडा मात्र जमैकात सापडला. २००१ साली डॉमनिंग यांनी त्याचे वर्णन केले आणि पेझोसायरन असे नाव ठेवले. सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वीच्या या जनावराला चार धडधाकट पाय होते. ते जमिनीवर चालू शकत होते. पण बरगड्या भरीव आणि जड होत्या, जणू पाण्यात बुडी राहावी म्हणून अंगात भरलेले ओझेच. आफ्रिकेचे कुळ जमैकात कसे, असे कोणी विचारील. २०१३ साली ट्युनिशियातून जवळपास तितक्याच जुन्या समुद्रगाईच्या कवटीचे अवशेष प्रसिद्ध झाले, तेव्हा कुळाचे मूळ घर आफ्रिकेकडे असावे या मताला बळ मिळाले. किनाऱ्याकिनाऱ्याने चरणाऱ्याला दूर पोचायला कोटी वर्षे पुरेशी असतात.

आपल्या उपखंडाचाही या वंशावळीत एक दावा होता. पिलग्रिम या भूशास्त्रज्ञाने १९४० साली अँथ्राकोब्यून असे नाव दिलेले प्राणी वायव्येकडच्या खडकांत सापडले होते, आणि ते हत्ती-समुद्रगाईंच्या मूळ घराण्यातले आहेत असे पुष्कळ वर्षे मानले गेले. २०१४ साली अधिक हाडे तपासली गेली आणि ते घोडा-गेंड्यांच्या बाजूचे ठरले. दावा गेला, आम्हांला त्याचे थोडे वाईट वाटले, हे कबूल केले पाहिजे. कच्छने मात्र आपली बाजू राखली आहे. तेथील खडकांत समुद्रगाईंचे अनेक प्रकार मिळाले, आणि त्यांतल्या एकाचे नावच भारतीसायरन असे आहे.

सोंडवाल्यांचा मोठा परिवार आफ्रिकेतून आशियात शिरला तो दोन कोटी वर्षांच्या आगेमागे, भूखंड जुळल्यावर. त्या हिशेबाने या देशात हत्ती पाहुणा आहे. माणूस तर त्याहून कितीतरी नंतरचा. नाशिक जिल्ह्यात नांदूर मधमेश्वरच्या गोदावरीच्या गाळातून मिळालेल्या एका प्रचंड लुप्त हत्तीच्या अवशेषांविषयी वर सांगितलेल्या पिलग्रिमनेच १९०५ साली लिहिले होते. आपली वैनगंगा-वर्धा प्राणहितेतून सिरोंच्याला त्याच गोदावरीला मिळते.

आता एक अवघड प्रश्न. दोघांचा समान पूर्वज पाण्यातला होता काय? १९०१च्या सुमारास इजिप्तमध्ये फायूमच्या वाळवंटात मोरिथेरियम हा डुकराएवढा, लांबट प्राणी सापडला. हत्तीच्या वंशाची ही एक बाजूची फांदी. २००८ साली त्याच्या दातांतील मूलद्रव्यांची तपासणी झाली आणि तो बराच काळ गोड्या पाण्यात घालवीत असावा असे दिसले. त्याआधी १९९९ साली हत्तीच्या गर्भाच्या मूत्रपिंडांत अशा नलिका आढळल्या की ज्या पाण्यातल्या प्राण्यांत असतात, सस्तनांत सहसा नसतात. यावरून हत्तीचे पूर्वज जलचर होते आणि सोंड ही मुळात पाण्यातून श्वास घेण्याची नळी होती, असे सुचवले गेले. कल्पना मोहक आहे. पण मोरोक्कोचे सर्वांत जुने अवशेष तिला सरळ साक्ष देत नाहीत, म्हणून आम्ही तिला अजून सिद्धांत म्हणणार नाही. हत्ती उत्तम पोहतो आणि पोहताना सोंड वर धरतो, एवढे खरे.

आणखी एका गोष्टीत दोघे सख्खे वाटतात, आणि तिचा संबंध थेट आपल्या धानाशी आहे. दोघांच्याही पोटात चाऱ्याचे आंबणे होते ते मागच्या आतड्यांत. गाय एकदा खाऊन निवांत रवंथ करते आणि चाऱ्यातला बराचसा कस काढून घेते. हत्तीला ते जमत नाही; त्याचे पचन अर्धेमुर्धे, म्हणून त्याच्या लिदीत धागेच धागे दिसतात. ही उणीव तो खाण्याच्या वेळाने भरून काढतो. दिवसातले सोळा-अठरा तास तो चरतो आणि दीडशे किलोच्या आसपास चारा पोटात घालतो. पिकलेले धान व घरात साठवलेली मोहफुले त्याला का ओढतात, हे यावरून समजावे: थोड्या जागेत, थोड्या वेळात, एवढा कस रानात त्याला कोठेही मिळत नाही. समुद्रगायही अशीच दिवसभर गवत उपटीत फिरते.

वंशवाढीचा वेगही तसाच. हत्तिणीचा गर्भकाळ सुमारे बावीस महिन्यांचा, डुगाँगचा वर्षाहून अधिक. दोघींना एका वेळी बहुधा एकच पिलू, आणि पुढचे कित्येक वर्षांनी. उत्तरेच्या थंड समुद्रातील स्टेलरची समुद्रगाय १७४१ साली युरोपियनांच्या दृष्टीस पडली आणि १७६८पर्यंत, सत्तावीस वर्षांत, मारून संपवली गेली. भारताच्या पाण्यात डुगाँग दोन-अडीचशेच उरले असावेत असा अंदाज आहे. तमिळनाडू सरकारने २०२२ साली पाल्कच्या उपसागरात ४४८ चौरस किलोमीटरचे राखीव क्षेत्र त्यांच्यासाठी जाहीर केले. त्याच वर्षी कमलापूरचे हत्ती गुजरातेत नेण्याची गोष्ट निघाली होती, आणि त्या भागातले लोक आमचे हत्ती आमच्याकडेच राहू द्या म्हणून उभे राहिले. इकडे रानटी कळपाच्या भीतीने गावे रात्र जागून काढीत होती, आणि तिकडे त्याच जिल्ह्यात हे चालले होते.